पैसे भरले म्हणजे चूक कबूल?

मुलुंडच्या जकात नाक्यावर एके काळी रात्ररात्र ट्रकांच्या रांगा लागत. १ जुलै २०१७ ला जीएसटी आला, मुंबईची जकात गेली आणि नाका ओस पडला. आता गाडी अडणार नाही, असं ठाण्या-कल्याणच्या व्यापाऱ्यांना वाटलं होतं. पण गाडी अजूनही अडते. फिरतं पथक हात दाखवतं, ड्रायव्हरकडून बिल, बिल्टी, ई-वे बिल मागून घेतं, आणि कागदात काही खटकलं की माल जागच्या जागी थांबतो.

करचुकवेगिरी खरी आहे. मालाशिवाय फिरणारी बोगस बिलं आणि बिलाशिवाय फिरणारा माल, दोन्ही या पट्ट्यात आढळतात. रस्त्यावर तपासणी हवीच. माझा आक्षेप तपासणीनंतर जे घडतं त्यावर आहे.

जीएसटी कायद्याचं कलम १२९ पाहा. समजा, डोंबिवली एमआयडीसीतल्या एका छोट्या कारखान्याचा पाच लाखांचा माल अडवला. १८ टक्क्यांनी कर होतो ९० हजार. मालक पुढे आला तर दंड कराच्या दुप्पट, म्हणजे १ लाख ८० हजार. नोटिशीसाठी सात दिवस, त्यानंतर आदेशासाठी आणखी सात. दंडाइतकं तारण देऊन माल सोडवता येतो, पण बँक गॅरंटीसाठीही छोट्या माणसाला बहुधा बँकेत रक्कम अडकवावीच लागते. इकडे ट्रकचं भाडं चढतं आणि गिऱ्हाईक फोनवर फोन करतं. मग तो सीएला विचारतो, ‘भरून टाकू का?’ आणि भरतो.

इथेच खरी मेख आहे. रक्कम भरली की कारवाई संपली असं मानावं, असं याच कलमाचं पाचवं पोटकलम म्हणतं. त्याचा सोयीचा अर्थ असा लावला जाई की भरणाऱ्याने चूक मान्य केली, आता लेखी आदेशाची गरज नाही. आदेश नसेल तर अपील कशाविरुद्ध करायचं? नाइलाजाने भरलेल्या पैशाला कबुलीजबाब ठरवणं मला अन्यायाचं वाटतं. सुदैवाने सर्वोच्च न्यायालयाने जुलै २०२५ मध्ये ‘एएसपी ट्रेडर्स’ प्रकरणात हेच सांगितलं. कर्नाटकातून दिल्लीला निघालेली सुपारी झाशीत अडवली होती. व्यापाऱ्याने आक्षेप नोंदवले होते, तरी धंद्याच्या निकडीपोटी पैसे भरले होते. पैसे भरले तरी कारणांसह आदेश द्यावाच लागेल, असा निकाल झाला.

हैदराबादचं ‘सत्यम शिवम पेपर्स’ प्रकरण तर ठाणेकराने वाचावंच. रस्ते बंद असल्याने गाडी पोहोचली नाही, तेवढ्यात ई-वे बिलाची मुदत संपली आणि माल अडवला. घोडबंदर रस्त्यावर किंवा कल्याण-शिळ मार्गावर अडकलेल्या कुणालाही हा प्रसंग ओळखीचा वाटेल. तेलंगण उच्च न्यायालयाने दंड रद्द करून १० हजारांचा खर्च बसवला. जानेवारी २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यात ५९ हजारांची भर घातली. मुदत संपली एवढ्यावरून कर बुडवायचा इरादा सिद्ध होत नाही, हे त्यातलं सार.

पण हे दोन्ही निकाल लढायची ऐपत असलेल्यांनी मिळवले. जीएसटी येऊन आठ वर्षं अपिलीय न्यायाधिकरणच नव्हतं. दुसऱ्या अपिलाची पायरीच नाही, म्हणून लहानशा दंडासाठीही उच्च न्यायालयात रिट करावी लागे, आणि तिथला वकिलाचा खर्च कधी कधी दंडाहून जड. सप्टेंबर २०२५ मध्ये न्यायाधिकरणाचं उद्घाटन झालं. त्याच्या पीठांच्या यादीत ठाणं आहे. कल्याणच्या माणसाला लोकलने अर्ध्या तासात गाठता येईल असं हे ठिकाण, म्हणून मला त्याचं मोल वाटतं.

तिथवर जाण्यासाठी हातात आदेश लागतो. त्यामुळे पैसे भरतानाच ‘आक्षेप राखून’ असं लेखी देणं आणि ‘मोव्ह-०९’ नमुन्यातला आदेश मागून घेणं, एवढं प्रत्येक व्यापारी संघटनेने आपल्या सभासदांना शिकवायला हवं. तो आदेश न मागता देणं मात्र अधिकाऱ्याचं काम आहे.