किल्लीवर चालणारा संन्यासी



प्रभू येशूने दहा कुष्ठरोग्यांना बरे केले. आभार मानायला परत आला तो एकच. संत लूकच्या शुभवर्तमानातील (अध्याय १७) ही घटना ऐकताना आपण उरलेल्या नऊ जणांना नावे ठेवतो. पण आपण स्वतः आभार कसे मानतो?

अमेरिकेतील वॉशिंग्टन येथे स्मिथसोनियन संस्थेच्या संग्रहालयात सोळाव्या शतकातील एक लाकडी संन्यासी आहे. उंची सुमारे १५ इंच, पोटात लोखंडी यंत्र. किल्ली दिली की तो चालू लागतो, उजव्या हाताने छाती बडवतो, ओठ हलवतो आणि मधूनच डाव्या हातातील क्रूसाचे चुंबन घेतो. सम्राट पाचव्या चार्ल्सचा घड्याळजी हुआनेलो तुर्रियानो याने तो घडवला असावा, असे मानले जाते.

त्यामागची कथा अशी. १५६२ साली स्पेनचा राजा दुसरा फिलिप याचा मुलगा डॉन कार्लोस जिन्यावरून पडला आणि मरणाच्या दारी पोहोचला. अल्काला येथील फ्रान्सिस्कन बंधू दिएगो यांचे पार्थिव अवशेष त्याच्या बिछान्याशी आणले गेले. मुलगा वाचला. दिएगो यांना १५८८ साली संतपद मिळाले. मुलगा वाचल्याची कृतज्ञता म्हणून राजाने हा संन्यासी करवून घेतला, अशी आख्यायिका आहे.

बापाची माया खरी होती, कारागिराचे कसबही खरे. पण बाहुला ज्याचे आभार मानतो, त्याला ओळखत नाही. किल्ली उतरली की प्रार्थना संपली.

आजारातून उठल्यावर, मुलाला नोकरी लागल्यावर आपण मिस्साचे पाकीट देतो. पण पुष्कळदा त्या मिस्साला घरातले कुणीच नसते. दान चांगलेच, पण ते आपल्या वतीने गुडघे टेकत नाही. मात्र दापोड्याच्या गोदामांत ज्यांची रविवारीही पाळी असते, त्यांनी मन लहान करू नये. माल उतरवता उतरवता अंतःकरणापासून देवाचे आभार मानले, तरी ते त्याच्यापर्यंत पोहोचतात.

रोझरी म्हणताना मन भटकते, म्हणून ती सोडू नका. भटकलेले मन पुन्हा प्रभूकडे वळवा. परत येणे यंत्राला जमत नाही. त्या दहांतल्या एकाला ते जमले.

या आठवड्यात रात्रीच्या कौटुंबिक प्रार्थनेत प्रत्येकाने देवाचा एकेक उपकार आठवून आपल्या तोंडाने सांगावा. लहान मुलांपासून सुरुवात करू या. आमेन.