काडेपेटीतले रंग

गीतांजली राव यांचा ‘प्रिंटेड रेनबो’ हा सुमारे १५ मिनिटांचा अ‍ॅनिमेशनपट २००६ साली कान महोत्सवातल्या समीक्षक सप्ताहात दाखवला गेला आणि तिथे त्याला तीन पुरस्कार मिळाले. त्यातली चित्रं त्यांनी स्वतःच्या हाताने रंगवली आहेत. संवाद एकही नाही. मोठ्या शहरातल्या फ्लॅटमध्ये एक म्हातारी आणि तिची मांजर, एवढंच. सगळं करडं. पण म्हातारीजवळ काडेपेट्यांचा संग्रह आहे. एखादी पेटी हातात घेतली की तिच्यावरच्या चित्रात ती शिरते, आणि तिथे रंगच रंग असतात.

पहिल्यांदा पाहिला तेव्हा मला दिलासा वाटला. बाहेरून रिकामं दिसणारं आयुष्य आतून भरलेलं असू शकतं! नोएडातल्या आमच्या घरासमोरच्या बाल्कनीत एक आजी रोज संध्याकाळी एकट्या बसलेल्या असतात. थंडीत धुरकं दाटलं की त्या दिसेनाशा होतात. मी मनाशी म्हणू लागले, त्यांचीही असेल एखादी काडेपेटी. त्यांच्या एकांतात आपण कशाला लुडबुड करा?

एकांत आणि एकाकीपण यांत फरक आहे. एकांत माणूस मागून घेतो, एकाकीपण न विचारता वाट्याला येतं. लांबून मात्र दोन्ही सारखीच दिसतात. मी त्याला एकांत म्हणत होते, कारण त्या शब्दाने माझ्यावर काहीच जबाबदारी येत नव्हती.

चित्रपटातल्या म्हातारीचे रंग आपल्याला दिसतात, कारण दिग्दर्शिका आपल्याला आत नेते. समोरच्या खिडकीतून पाहणाऱ्याला ते दिसले नसते. आणि दिसले असते तरी काय? भुकेला माणूस स्वप्नात जेवला म्हणून त्याचं पोट भरलं, असं कोणी म्हणत नाही. कल्पनेची श्रीमंती ही त्या म्हातारीची कमाई आहे, शेजाऱ्यांची सुटका नव्हे.

माझी दुसरी सबब भाषेची होती. आजी मल्याळम बोलतात, हिंदी तोडकं. पण एका शब्दावाचून पडद्यावरची म्हातारी मला कळली होती, तेव्हा तीही सबब उरली नाही.

मागच्या रविवारी त्यांची बेल वाजवली. दार अर्धंच उघडलं. त्या हसल्या आणि हातानेच ‘नंतर’ अशी खूण केली. त्यांना खरंच एकांत हवा असेल, किंवा अनोळखी बाईची धास्ती वाटली असेल. काही असो, या वेळी ठरवलं त्यांनी. इतके दिवस त्यांच्या वतीने मीच ठरवत होते.