गुप्ततेची अट आधी सांगा

समुपदेशकासमोर बसलेले मूल मनातले सांगण्याआधी अनेकदा विचारते, "कोणाला सांगणार नाही ना?" कोकणात या प्रश्नामागची भीती मोठी असते. आई-वडील पोटापाण्यासाठी मुंबईला, मूल गावी आजी-आजोबांकडे, वाडीत सगळे एकमेकांना ओळखणारे, आणि त्रास देणारा बहुधा नात्यातला किंवा ओळखीतलाच. अशा वेळी "नाही सांगणार" हे शब्द सहज तोंडून निघतात. पण लैंगिक अत्याचाराच्या बाबतीत असा शब्द देण्याचा अधिकार समुपदेशकाला नाही, आणि तो नसावा, असे माझे ठाम मत आहे.

14 नोव्हेंबर 2012 पासून लागू झालेल्या, बालकांना लैंगिक अत्याचारांपासून संरक्षण देणाऱ्या पॉक्सो कायद्याच्या कलम 19 नुसार असा गुन्हा घडल्याचे कळले किंवा घडेल अशी शंका आली, तर कोणत्याही व्यक्तीने पोलिसांना कळवलेच पाहिजे. मानसोपचारतज्ज्ञांनाही सूट नाही. मौन बाळगल्यास सहा महिन्यांपर्यंत कैद, दंड किंवा दोन्ही. 2017 च्या मानसिक आरोग्यसेवा कायद्याने रुग्णाला गुप्ततेचा हक्क दिला आहे. मात्र त्या हक्कामुळे पॉक्सोतली कळवण्याची सक्ती संपत नाही.

चंद्रपूर जिल्ह्यातल्या राजुऱ्याच्या प्रकरणाने ही सक्ती कशासाठी आहे ते दाखवले. तिथे शाळेच्या वसतिगृहातल्या आदिवासी मुलींवरील अत्याचाराची माहिती असूनही कळवले नाही, असा आरोप त्यांच्यावर उपचार करणाऱ्या डॉक्टरवर होता. उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने हा गुन्हा रद्द केला. 2 नोव्हेंबर 2022 रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो निर्णय फिरवला आणि माहिती असून न कळवणे हा गंभीर गुन्हा असल्याचे बजावले. वसतिगृहातल्या मुलींना दाद मागायला बाहेरचे माणूस क्वचितच भेटते. तेही गप्प बसले, तर फावते ते अत्याचार करणाऱ्याचेच.

सक्तीमुळे मुले बोलायचीच थांबतील, हा आक्षेप मात्र झटकून टाकता येत नाही. संमतीचे वय 18 असल्याने सतरा वर्षांच्या मुलीचे प्रेमसंबंधही याच कायद्याच्या कक्षेत येतात, आणि त्या भीतीने ती मदत मागायलाच जात नाही. 29 सप्टेंबर 2022 च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने यावर एक वाट काढली: अल्पवयीन मुलीने आणि तिच्या पालकांनी विनंती केल्यास गर्भपात करणाऱ्या डॉक्टरने पोलिसांना तिची ओळख सांगण्याची गरज नाही. ही मुभा समुपदेशकांनाही मिळायला हवी, आणि त्यासाठी संसदेने कायदा बदलावा.

तोवर करण्यासारखे बरेच आहे. पहिल्याच भेटीत मुलाला सांगावे, "तुझे बोलणे माझ्यापाशी राहील. पण कोणी तुला इजा करत असेल, तर ती थांबवण्यासाठी मला काही जणांना सांगावे लागेल. ते कोणाला, कधी, हे आधी तुला सांगेन." जबाब घरीही देता येतो, तो शक्यतो महिला अधिकारी घेते, ती गणवेशात नसते, हेही समजावावे. कळवताना गरजेपुरतेच कळवावे. बाकीचे सारे गुप्तच राहिले पाहिजे.

रत्नागिरीत राज्यातल्या चार प्रादेशिक मनोरुग्णालयांपैकी एक आहे. तरीही वाडीवरच्या मुलाचे पहिल्यांदा ऐकून घेणाऱ्या बहुधा शाळेतल्या बाई किंवा आशाताईच असतात. कळवण्याची सक्ती त्यांच्यावरही आहे. कसे ऐकावे आणि कसे कळवावे, याचे प्रशिक्षण त्यांना देणे ही शासनाची जबाबदारी आहे. ती पार न पाडता केवळ शिक्षेचा धाक दाखवला, तर मुले सुरक्षित होणार नाहीत.