दुसरी पंगत

पहिल्या पंगतीला ज्यास पान मिळालें नाहीं, त्यानें दुसऱ्या पंगतीला बसावें कीं उपाशीं घरीं परतावें, हा प्रश्न वरवर पाहतां केवळ मानापमानाचा दिसतो; परंतु थोडें खोल गेल्यास तो नीतिशास्त्रांतील एका जुन्या वादापाशीं येऊन पोंचतो. मनुष्याच्या कृतीचें मूल्य त्या कृतींतच असतें, कीं लोकांनीं तिला दिलेल्या क्रमांकांत असतें? अमेरिकेंतील महाविद्यालयीन मुलींच्या बास्केटबॉलच्या हंगामाअखेर ज्या स्पर्धा होतात, त्यांचा वृत्तांत वाचतांना या वादाचें एक बोलकें उदाहरण आम्हांस आढळलें. त्याचाच येथें विचार करावयाचा आहे.

या स्पर्धांची व्यवस्था अशी आहे. तेथील महाविद्यालयीन क्रीडेच्या सर्वांत वरच्या वर्गांत मुलींचे साडेतीनशेंहून अधिक संघ आहेत. हिंवाळाभर ते आपापल्या गटांत खेळतात. मार्च महिन्यांत गटविजेते संघ राष्ट्रीय महाविद्यालयीन क्रीडासंघटनेच्या मुख्य स्पर्धेंत आपोआप जातात आणि उरलेल्या जागा निवड-समिति भरते. २०२२ पासून या स्पर्धेंत ६८ संघ असतात. बाकीच्यांपैकीं कांहींना दुय्यम स्पर्धांचें निमंत्रण येतें. ‘विमेन्स नॅशनल इन्व्हिटेशन टूर्नामेंट’ ही त्यांतली जुनी स्पर्धा १९९८ पासून चालू आहे. २०२४ सालीं खुद्द राष्ट्रीय संघटनेनेंच ३२ संघांची आणखी एक स्पर्धा सुरू केली आणि मुख्य स्पर्धेची निवड अगदीं थोडक्यांत हुकलेल्या चार संघांना तींत अग्रमान देण्याचें ठरविलें. म्हणजे आतां पंगती तीन झाल्या!

येथें आक्षेपक विचारील, “जेथें देशांतील उत्तमोत्तम संघ उतरलेच नाहींत, ती स्पर्धा जिंकून जिंकलें काय? ही तर रडणाऱ्या मुलाच्या हातावर ठेवलेली खडीसाखर!” हा आक्षेप केवळ घरबशा टीकाकारांचा आहे असें नाहीं. २०२४ सालीं पुरुषांच्या दुय्यम स्पर्धेचें निमंत्रण कित्येक नामांकित विद्यापीठांनीं नाकारलें. हंगाम संपतांच खेळाडू एक विद्यापीठ सोडून दुसऱ्यांत जाऊं लागतात व संघच मोडतो, ही व्यावहारिक अडचण त्यांच्यापुढें होती, हें खरें. तथापि पहिल्या पंगतीला बोलावलें नाहीं तर आम्हीं येतच नाहीं, हा भाव अशा नकारामागें मुळींच नसतो, असें म्हणण्यास आम्ही धजत नाहीं.

या आक्षेपाचा प्रथम गणितानें विचार करूं. बाद पद्धतीच्या स्पर्धेंत ६८ संघ उतरले, तर ६७ संघांचा शेवटचा सामना हटकून पराभवाचा असतो. देशांत दुसरा आलेला संघ डोळे पुशीत घरीं जातो आणि दुय्यम स्पर्धेचा विजेता हंसत जातो. मूल्य जर सर्वस्वीं क्रमांकांतच असेल, तर हें हंसणें भ्रमाचें ठरेल. पण भ्रम कोणाला झाला आहे? आपण देशांत पहिल्या नाहीं, हें त्या विजयी मुलींना पक्कें ठाऊक असतें. जें सांत्वन वस्तुस्थिति लपवितें तें खोटें. येथें तर कांहींच लपविलेलें नाहीं.

कोणी स्पर्धेचा कैवार घेऊन म्हणेल कीं, ही पहिल्या पंगतीची पायरी आहे. उदाहरणही त्याला मिळेल. २०१८ सालीं इंडियाना विद्यापीठाच्या मुलींनीं आपल्या अंगणांत तेरा हजारांवर प्रेक्षकांसमक्ष ही जुनी दुय्यम स्पर्धा जिंकली, आणि पांचच वर्षांनीं मुख्य स्पर्धेंत त्यांना अग्रमान मिळाला. परंतु हें समर्थन आम्हांस नको. पायरीला स्वतःची किंमत नसते. ती वरच्या मजल्याकडून उसनी घेतलेली असते. ज्यांची चढण त्या पायरीवरच संपली, त्यांचें काय?

त्यांचें उत्तर २०१७ च्या अंतिम सामन्यांत सांपडतें. मिशिगन आणि जॉर्जिया टेक यांची बरोबरी सुटेना, म्हणून तीन वेळां जादा वेळ द्यावा लागला. चाळीस मिनिटांचा खेळ पंचावन्न मिनिटें चालला आणि शेवटीं मिशिगननें तो जिंकला. त्या पंचावन्नाव्या मिनिटाला दम लागलेला असतांही जी मुलगी धांवत होती, तिच्यापुढील प्रतिस्पर्धी खोटा होता काय? पदवी घेऊन बाहेर पडणाऱ्या खेळाडूंपैकीं व्यवसायी संघांत जागा मिळते ती मूठभरांना. बाकीच्यांचा हा शेवटचाच खेळ. स्पर्धेचें सत्त्व समोरच्या विरोधाच्या खरेपणांत आहे. जे तेथें आलेच नाहींत, त्यांच्या थोरपणानें हें सत्त्व कमी होत नाहीं.

मात्र एवढ्यावर थांबलों, तर आमच्या हातून मोठा अन्याय होईल. ‘दुसरेपण’ दोन प्रकारचें असतें. एक योग्य मापानें ठरलेलें, आणि एक पंगत मांडणाऱ्यानें माप न घेतांच ठरविलेलें. टेक्ससमधील वेलंड बॅप्टिस्ट महाविद्यालयाच्या मुलींनीं १९५३ ते १९५८ या काळांत लागोपाठ १३१ सामने जिंकले. त्या वेळीं राष्ट्रीय संघटना पुरुषांची अजिंक्यपद स्पर्धा १९३९ पासून भरवीत होती. मुलींसाठीं तिनें पहिली स्पर्धा भरविली ती १९८२ सालीं. १९७२ मध्यें शिक्षणांतील स्त्रीपुरुषभेदास बंदी करणारा कायदा झाला, त्याच वर्षीं स्त्रियांनीं आपल्या स्वतंत्र संघटनेमार्फत राष्ट्रीय अजिंक्यपद सुरू केलें होतें, तोंवर त्यांना हें पानच वाढलेलें नव्हतें. आणि अलीकडे, २०२१ सालीं, पुरुषांना व्यायामासाठीं सुसज्ज दालन दिलें असतां मुलींच्या वाट्याला डंबेल्सची एक लहानशी मांडणी आली. एका खेळाडू मुलीनें तें चित्रफितीनें जगापुढें मांडल्यावर संघटनेस क्षमा मागावी लागली. अशा दुसरेपणांत समाधान मानण्याचा उपदेश करणें म्हणजे अन्यायावर नीतीची शाल पांघरणें होय.

आपल्या घरांतही हा विवेक हवा. परीक्षेच्या निकालानंतर इच्छिलेल्या महाविद्यालयांत मुलाला जागा मिळाली नाहीं, कीं जणूं त्याचें शिक्षणच संपलें अशा मुद्रेनें आपण वावरतों. आणि मुलीला बुद्धि असूनही दुय्यम शाखेकडे वळविलें, तर तिनें त्यांतच सुख मानावें असें सांगतों. पहिल्या ठिकाणीं जो धीर द्यावयाचा, तो आपण दुसऱ्या ठिकाणीं देतों. आणि दुसऱ्या ठिकाणीं जो असंतोष योग्य, तो पहिल्या ठिकाणीं दाखवितों!

म्हणून आमचें म्हणणें इतकेंच: पंगत कोणी मांडली आणि कोणत्या मापानें मांडली, हें विचारण्याचा हक्क कोणींही सोडूं नये. पण माप न्यायाचें असेल आणि पान दुसऱ्या पंगतीचें आलें असेल, तर त्यावर बसण्यांत कमीपणा नाहीं. अन्न तेंच असतें, आणि भूकही खरी असते.