डोंगराचा अभिमान, तळ्याची उपेक्षा

एखाद्या राष्ट्राला, किंवा राष्ट्रातल्या एखाद्या प्रांताला, आपली ओळख भाषेतून आणि पूर्वजांच्या पराक्रमातून लाभते हे खरे असले, तरी ती ओळख मनात ठसण्यासाठी तिला एक दृश्य रूप लागते, आणि ते रूप बहुधा भूमीचे असते. तेही साऱ्या भूमीचे नव्हे, तर लेखकांनी, चित्रकारांनी व शाहिरांनी तिच्यातून वेचून घेतलेल्या एका तुकड्याचे. टोरोंटो येथे १९२० साली एकत्र आलेल्या सात चित्रकारांनी उत्तरेकडील सरोवरे, खडक आणि वाऱ्याने वाकलेले पाइन वृक्ष रंगवून कॅनडाला त्याचा चेहरा मिळवून दिला; मात्र त्या चित्रांत माणूस क्वचितच दिसतो, आणि त्या अरण्यांत पिढ्यान्‌पिढ्या नांदलेले मूळ रहिवासी तर जवळजवळ दिसतच नाहीत, याबद्दल त्यांना पुढे पुष्कळ बोल लागला.

मराठी माणसाने वेचलेला तुकडा म्हणजे सह्याद्री. परंतु तो काही अनादि काळापासून या स्थानी नव्हता. चक्रधरांच्या पुष्कळशा लीळा गोदातीरी घडल्या, ज्ञानदेवांनी शके १२१२ मध्ये आपला ग्रंथ सिद्ध केला तो प्रवरेकाठच्या नेवाशास, आणि वारकऱ्यांचे सारे चित्त चंद्रभागेच्या वाळवंटात गुंतलेले. जुन्या मराठी वाङ्मयाची दृष्टी नदीकडे होती. रामचंद्रपंत अमात्यांच्या आज्ञापत्रात दुर्गांची थोरवी सांगितली आहे खरी, पण ती राज्यरक्षणाचे साधन म्हणून. तटबंदी, शिबंदी आणि दारूगोळा यांच्या हिशेबातली. डोंगराला मराठी स्वभावाचे प्रतीक करण्याचे काम एकोणिसाव्या शतकाचे आहे. सातारच्या दरबारी राहिलेल्या ग्रँट डफने १८२६ साली मराठ्यांची बखर लिहिताना आरंभीच घाटमाथा, मावळ आणि कोकण यांचे वर्णन केले. १८९६ साली टिळकांनी रायगडावर शिवोत्सव भरविला. आणि १९०० साली न्यायमूर्ती रानड्यांनी मराठी सत्तेच्या उत्कर्षाची मीमांसा करताना या डोंगराळ मुलखाचा आणि तिथल्या माणसांच्या स्वातंत्र्यप्रीतीचा संबंध जोडला. मग गोविंदाग्रजांनी त्या राकट भूमीचे गीत गायिले, आणि १९६२ साली यशवंतराव चव्हाण संरक्षणमंत्री म्हणून दिल्लीस गेले तेव्हा हिमालयाच्या मदतीला सह्याद्री धावला, असे जो तो म्हणू लागला. वस्तुतः यशवंतरावांचा जन्म देवराष्ट्र्याचा, म्हणजे सह्याद्रीच्या पर्जन्यछायेतल्या कोरड्या मुलखातला. पण त्या कोरड्या माळाच्या नावाने कोणी कोणाच्या मदतीला धावल्याचे ऐकिवात नाही.

या निवडीला मी लबाडी म्हणणार नाही. पारतंत्र्यात पिचलेल्या लोकांना ताठ उभे असलेले काहीतरी डोळ्यांसमोर हवे होते, आणि ते त्यांना सह्याद्रीने दिले. पण निवड झाली की वगळणेही होते. व्यंकटेश माडगूळकरांची ‘बनगरवाडी’ १९५५ साली पुस्तकरूपाने आली. माणदेशचा उजाड माळ, धनगर, मेंढरे, एकशिक्षकी शाळा, आणि शेवटी दुष्काळाने रिकामे होणारे गाव, इतक्या भांडवलावर तिने मराठी गद्याला जे दिले ते थोडके नाही. तथापि महाराष्ट्राची प्रतिमा रंगविताना कोणी बनगरवाडीचा माळ काढीत नाही. सरकारी अतिथिगृहाला आणि दूरदर्शनच्या मराठी वाहिनीला नाव सह्याद्रीचेच.

आता बेंगळुरातल्या आमच्या मारतहळ्ळीची हकीकत. दिवाळी जवळ आली की इथल्या वसाहतींत, नोकरीनिमित्त पुण्या-साताऱ्याकडून आलेल्या कुटुंबांतली मुले वाहनतळाच्या कोपऱ्यात विटा रचतात, त्यांवर भिजवलेले गोणपाट पसरतात, रोपवाटिकेतून आणलेली माती लिंपतात, हळीव पेरतात, आणि माथ्यावर सिंहासन मांडून पायथ्याशी मावळे उभे करतात. माती अर्थात इथली, म्हणजे तांबडी. तेव्हा एखादा काटेकोर बाप तिच्यावरून काळ्या रंगाचा हात फिरवतो, कारण रायगड तांबडा असून कसे चालेल! त्या तांबड्या मातीखालचा खडक लालबागेच्या टेकडीवर उघडा पडलेला आहे. त्याचे वय सुमारे तीनशे कोटी वर्षे, आणि सह्याद्रीचा काळा पाषाण त्याच्यापुढे साडेसहा कोटी वर्षांचे पोर. पण वडीलपणाचा मान इथे कोण राखतो?

मुलांच्या खेळाला नावे ठेवण्याचा माझा हेतू नाही. बोलायचे ते मोठ्यांविषयी. बेंगळूरशी आपले नाते सांगण्याची वेळ आली की आपण शहाजीराजांची जहागीर पुढे करतो. ती खोटी नाही. १६३८ च्या सुमारास हे शहर त्यांच्याकडे आले, आणि जयराम पिंड्ये याने त्यांच्या दरबाराचे वर्णन केलेला ‘राधामाधवविलासचंपू’ राजवाड्यांनी १९२२ साली छापून प्रसिद्ध केला. पण भूमीवर मनाचा हक्क सनदेने सिद्ध होत नाही, वहिवाटीने होतो. आणि ही वहिवाट शब्दांची नि रंगांची असते. धारवाडच्या द. रा. बेंद्र्यांच्या घरची भाषा मराठी. त्यांनी घराजवळच्या साधनकेरी नावाच्या तळ्यावर कन्नडात अशी कविता केली की ते लहानसे पाणी कन्नड वाचकाच्या कायमचे ओळखीचे झाले, आणि बेंद्रे कन्नडांचे वरकवी झाले. कोल्हापूरचे आबालाल रहिमान मुंबईच्या कलाशाळेत शिकून परतले, शाहू महाराजांच्या आश्रयास राहिले, आणि कोटितीर्थाच्या काठी बसून पाणी, झाडे व पडता उजेड रंगवीत राहिले. या दोघांनी गड पाहिले नसतील असे नाही. त्यांनी दारचे पाणी पाहिले, एवढेच. बेंगळूरचीही अशी वहिवाट कन्नडात झालेली आहे. गांधीवादी कार्यकर्ते रुमाले चन्नबसवय्या यांनी इथली फुललेली झाडे रंगवली.

आणि आमच्या दारचे पाणी? हे शहर सुमारे नऊशे मीटर उंचीच्या पठारावर वसले आहे. त्याला मोठी नदी नाही, पिण्याचे पाणी शंभर किलोमीटरांवरून कावेरीचे उपसून आणावे लागते. म्हणून पूर्वीच्या लोकांनी उतार पाहून तळ्यांची साखळी बांधली. वरचे तळे भरले की सांडव्याचे पाणी खालच्यात जाई, आणि कोणाच्या शेताला किती सोडायचे हे गावचा नीरगंटी ठरवी. मारतहळ्ळीच्या शेजारचे बेळ्ळंदूर तळे वर्तूरच्या तळ्यात उतरते आणि वर्तूरचे पाणी पुढे दक्षिण पिनाकिनीला मिळते. शहराचे सांडपाणी पोटात घेऊन ही तळी फेसाळली, तो फेस वाऱ्याने रस्त्यावर आला, आणि २०१७ व २०१८ साली बेळ्ळंदूरच्या तळ्याला चक्क आग लागली. पाणी पेटल्याचा हा प्रकार ज्यांनी रोज कचेरीच्या वाटेवर पाहिला त्यांत हजारो मराठी माणसे होती. त्यांतून मराठीत एक लक्षात राहील असे पान माझ्या तरी वाचनात आलेले नाही.

ती तळी कन्नडांची, त्यांची काळजी त्यांनी वाहावी, असा युक्तिवाद कोणी करील. ठीक आहे, मग जो डोंगर निर्विवाद आपला, त्याची तरी आपण कोणती काळजी वाहिली? माधव गाडगीळ यांच्या समितीने २०११ साली पश्चिम घाटाच्या रक्षणाचा अहवाल दिला, त्याला विरोध करणाऱ्या राज्यांत महाराष्ट्र होताच. राजा बढे यांच्या गीताला राज्यगीताचा मान मिळाला ते वर्ष २०२३, आणि त्याच वर्षीच्या जुलैत रायगड जिल्ह्यातील इरशाळवाडी ही ठाकरांची वाडी दरडीखाली गेली. त्याआधी २०१४ साली माळीण गेले होते. जो डोंगर आपण चित्रात टांगला त्यात वाड्या नव्हत्या, म्हणून वाड्यांचे काय होते हे पाहण्याची सवय आपल्याला लागली नाही, असे माझे स्पष्ट मत आहे. माडगूळकरांच्या माळावर माणसे होती, म्हणून तो माळ ओसाड झाला तेव्हा वाचकाला आपले काही गेल्यासारखे वाटले. अभिमानाने डोंगर वाचत नाही, तसे तळेही वाचत नाही.

बेंगळुरातल्या मराठी लेखकांना, त्यातही तरुणांना, माझी विनंती एवढीच: गडकोटांवर लिहिणारे महाराष्ट्रात पुष्कळ आहेत, तो विषय खुशाल त्यांच्याकडे राहू द्यावा. यंदाच्या दिवाळी अंकासाठी वर्तूरच्या बांधावर जाऊन, तिथल्या वयस्कर शेतकऱ्यांशी मोडक्या कन्नडात का होईना बोलून, त्या पाण्यावर मराठीत काही लिहावे.