सोवळं नाक

सकाळची डोंबिवली लोकल. कुणाच्या तरी डब्याची कड बरगडीत रुतलेली, मानेवर अनोळखी श्वास, शेजाऱ्याचा घाम आपल्या शर्टात मुरतोय. वर दांडीला गेलेला हात ठाण्याआधी खाली येत नाही. रेल्वेच्या भाषेत हा 'सुपर डेन्स क्रश लोड': एका चौरस मीटरात १४ ते १६ उभे प्रवासी.

कुणाची सावली कुणावर पडू नये याचेही नियम करणाऱ्या समाजाला १८५३ साली बोरीबंदर-ठाणे गाडी मिळाली आणि अंगाला अंग लावून बसणं भाग पडलं. आज त्या डब्यात जात विचारायला उसंत नाही. 'आत सरका' एवढाच काय तो धर्म. बायकांच्या बाबतीत मात्र असं म्हणवत नाही. गर्दीतला प्रत्येक धक्का निर्हेतुक असता, तर १९९२ साली चर्चगेट-बोरिवली लेडीज स्पेशल सुरू करावी लागली नसती.

तर, डब्यापुरता का होईना, स्पर्शाचा विटाळ सुटला. नाक मात्र सोवळंच राहिलं. ससून डॉकहून पाटी घेऊन निघालेल्या कोळणीने लगेजच्या डब्यातच चढायचं. चुकून आपल्या डब्यात आली, की इतका वेळ घामाबद्दल अवाक्षर न काढणारे नाकाला रुमाल लावतात. घाम सगळ्यांचाच, म्हणून तो कुणाचाच नाही. बोंबलाचा वास मात्र तिचा.

घर भाड्याने घेताना हे अधिक सभ्यपणे चालतं. दलाल आधी आडनाव विचारतो, मग 'नॉनव्हेज खाता का?' पहिल्या प्रश्नात जे नीट कळलं नाही, ते दुसऱ्यात पक्कं होतं. वर खुलासा तयारच: 'भेदभाव नाही हो, वास सहन होत नाही.' जात मानतो म्हणायला आज जीभ अडखळते; नाकाचं कारण सांगायला कुणाची ना नाही. आणि हे कुठे, तर वरळी, माहीम, वर्सोव्यात टॉवरांच्या आधीपासून मासळी वाळत आलेल्या शहरात!

सहन न होणारा खरा वास आहे देवनारचा. १९२७ पासून तिथे शहराचा कचरा पडतोय. त्याला लागूनच असलेल्या गोवंडीतल्या माणसाला 'वास सहन होत नाही' म्हणायची सोय नाही. म्हटलंच, तर ऐकायला सोसायटीची कमिटी नाही. बरं, कचऱ्याच्या त्या डोंगरात काही फक्त मासळीचे काटे नाहीत. शुद्ध शाकाहारी ओट्यांवरून निघालेली मेथीची देठंही तिथेच कुजतात, आणि कुजल्यावर वास सारखाच येतो.