उच्च शिक्षण आणि विषमता : एका जुन्या पेचाची फेरमांडणी

१८८२ साली हंटर आयोगापुढे सादर केलेल्या निवेदनात जोतीराव फुले यांनी सरकारला एक अडचणीचा हिशेब विचारला होता. सरकारी महसुलाचा मोठा वाटा कष्टकरी रयतेच्या घामातून येतो, आणि त्यातून वरच्या वर्गांच्या उच्च शिक्षणावर मुक्तहस्ते खर्च होतो. वरच्या थरात ओतलेले ज्ञान कालांतराने खाली झिरपेल, ही त्या काळची सरकारी श्रद्धा फुल्यांना मान्य नव्हती. प्राथमिक शिक्षण सक्तीचे करावे ही त्यांची मागणी सर्वांच्या स्मरणात आहे; या हिशेबामागील नैतिक पेच मात्र सहसा दुर्लक्षिला जातो. उच्च शिक्षणाचा भार एकाने वाहावा आणि त्याचे फळ दुसऱ्याच्या पदरी पडावे, अशी स्थिती असेल तर ते शिक्षण विषमता कमी करते असे कोणत्या तोंडाने म्हणावे?

या पेचातून महाराष्ट्राने जो मार्ग काढला, तो प्रथम वसतिगृहाच्या रूपाने काढला. राजर्षी शाहूंनी विसाव्या शतकाच्या आरंभी कोल्हापुरात निरनिराळ्या जातींच्या विद्यार्थ्यांसाठी वसतिगृहे उभी केली. कर्मवीर भाऊराव पाटील यांनी १९१९ साली रयत शिक्षण संस्था स्थापन केली. १९४७ साली साताऱ्यात तिचे छत्रपती शिवाजी महाविद्यालय निघाले. डॉ. आंबेडकरांच्या पीपल्स एज्युकेशन सोसायटीने १९४६ साली मुंबईत सिद्धार्थ महाविद्यालय आणि १९५० साली औरंगाबादेत मिलिंद महाविद्यालयाचा पाया घातला. या सर्व प्रयत्नांत एक व्यावहारिक शहाणपण होते. गरीब घराला मुलाचे शिक्षण महाग पडते ते केवळ फीमुळे नव्हे. त्याची मजुरी बुडते, आणि शहरात त्याच्या दोन वेळच्या जेवणाची सोय करावी लागते. 'कमवा आणि शिका' या योजनेने नेमक्या याच दुखण्यावर बोट ठेवले. (शिक्षणविषयक जाडजूड अहवालांत खानावळीला क्वचितच जागा मिळते, पण कित्येकांची पदवी तिच्यावरच अवलंबून राहिली आहे.)

तरीही येथे एक भेद करणे अगत्याचे आहे. एका माणसाने एका वर्गातून दुसऱ्या वर्गात जाणे ही एक गोष्ट. त्या दोन वर्गांमधील अंतर कमी होणे ही अगदी वेगळी गोष्ट. पदवीधर मुलगा सरकारी कचेरीत चिकटतो, त्याला वेतन आयोगाचा लाभ मिळतो. गावात राहिलेल्या त्याच्या भावाची मजुरी तेवढीच राहते. अंतर नाहीसे होत नाही, ते कुटुंबाच्या आत शिरते. मार्च १९५६ मध्ये आग्रा येथील भाषणात आंबेडकरांनी शिकलेल्या मंडळींविषयी जी तीव्र निराशा व्यक्त केली, तिचे मूळ याच अनुभवात शोधावे लागेल. मराठी साहित्याने हा अनुभव अर्थशास्त्राच्या कितीतरी आधी आणि अधिक निर्भयपणे नोंदविला आहे. दया पवार यांच्या 'बलुतं' (१९७८) या आत्मकथनाची रचनाच अशी, की दगडू मारुती पवार आपली कहाणी दया पवारला सांगतो. शिकलेला माणूस आणि त्याने मागे टाकलेला माणूस एकाच देहात समोरासमोर बसलेले आहेत. पवारांनी ही निवेदनाची केवळ युक्ती म्हणून वापरली असे मानणे म्हणजे त्या पुस्तकाचे मर्म हुकविणे होय.

पुढील काळात चित्र अधिक गुंतागुंतीचे झाले. १९८३ साली महाराष्ट्राने विनाअनुदानित खासगी अभियांत्रिकी महाविद्यालयांना मुभा दिली आणि 'शिक्षणसम्राट' हा शब्द मराठीत रूढ झाला. जागा वाढल्या, हे नाकारता येणार नाही. जिल्ह्याच्या ठिकाणची अनेक मुले त्यामुळेच अभियंता झाली. परंतु या जागांना किंमत चिकटली होती. कॅपिटेशन फी बेकायदा असल्याचा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने १९९२ साली मोहिनी जैन खटल्यात दिला. २००२ च्या टी. एम. ए. पै खटल्यात कॅपिटेशन फी निषिद्ध ठेवून खासगी संस्थांना शुल्क ठरविण्याचे बरेच स्वातंत्र्य मिळाले.

याहून सूक्ष्म अडचण 'गुणवत्ता' या शब्दात दडलेली आहे. ब्रिटिश समाजशास्त्रज्ञ मायकेल यंग यांनी १९५८ साली 'द राइज ऑफ द मेरिटॉक्रसी' हे उपरोधिक पुस्तक लिहिले. गंमत अशी की, ज्या व्यवस्थेचा त्यांनी धोका दाखविला तिचेच नाव जगाने गौरवाने स्वीकारले. जन्माने मिळालेले वैभव भोगणाऱ्याला निदान थोडा संकोच तरी वाटे; परीक्षा देऊन मिळविलेल्या वैभवाबद्दल तो वाटेनासा होतो, आणि मागे राहिलेल्याला आपले दैन्य हा स्वतःचाच दोष वाटू लागतो. शिकवणी वर्गाची लाखांतली फी भरून मिळविलेले गुण आणि शेतातून येऊन मिळविलेले गुण प्रवेशयादीत एकाच रकान्यात बसतात. अखिल भारतीय उच्च शिक्षण सर्वेक्षणानुसार २०२१-२२ साली देशातील उच्च शिक्षणाचे स्थूल नोंदणी प्रमाण २८.४ टक्के होते. म्हणजे १८ ते २३ या वयोगटातील दहांपैकी सुमारे सात जण या स्पर्धेत उतरलेलेच नाहीत. त्यांच्या श्रमाचे मोल वाढविण्याचे काम विद्यापीठ करू शकत नाही. ते किमान वेतनाने, शेतमालाच्या भावाने आणि दवाखान्याने करावयाचे असते. महाविद्यालये वाढविली म्हणून हे कर्तव्य संपले असे मानणारे शासन फुल्यांच्या हिशेबातून सुटत नाही.

२०२४-२५ या शैक्षणिक वर्षापासून महाराष्ट्र शासनाने आर्थिक व सामाजिकदृष्ट्या मागास घटकांतील, आठ लाखांपर्यंत कौटुंबिक उत्पन्न असलेल्या मुलींना व्यावसायिक अभ्यासक्रमांचे शिक्षण व परीक्षा शुल्क पूर्ण माफ केले. निर्णय स्वागतार्ह आहे. खासगी संस्थांतील हे शुल्क आता सार्वजनिक तिजोरीतून भरले जाईल. मात्र ऊसतोडीला जाणाऱ्या घरातील मुलीची बुडालेली मजुरी आणि परगावातील तिच्या जेवणाचा खर्च या शुल्कमाफीत धरलेला नाही.